डावा खांदा

टेलरबाईंना माणूस समोरून कमी आणि पाठीमागून जास्त कळायचा. जन्म दुसऱ्यांच्या पाठी मोजण्यात गेल्यावर दुसरं काय होणार? चेहऱ्याला सोंग आणता येतं, पाठीला येत नाही, हे त्यांचं ठरलेलं वाक्य. दुकान पहिल्या मजल्यावर, मशीन खिडकीला लागून. खालून कोण चाललंय हे त्या पायडलवरचा पाय न थांबवता सांगायच्या. "पेपरवाला चालला. कंबर धरलीय आज." एकदा एका नवऱ्याने घरी ‘परगावी जातो’ म्हणून सांगितलं आणि दोन गल्ल्या पलीकडे मित्राकडे पत्ते कुटायला गेला. बाईंनी त्याला छत्रीआडून ओळखलं आणि त्याच्या बायकोला सहज विचारलं, "एवढ्यात आले का हो परत?" त्या घरात पुढे काय झालं ते सोडा, पण तेव्हापासून गल्लीत सगळे म्हणायचे की टेलरबाईंकडे पाठ फिरवायची सोय नाही.

अशा बाईंनी किल्लीवाल्याला ओळखलं नाही.

किल्लीवाला गल्लीतलाच. कुलूप अडकलं, किल्ली मोडली, कडी बसली की त्याला हाक जायची. हत्यारांची लोखंडी पेटी डाव्या खांद्यावर वाहून वाहून तो खांदा कायमचा खाली उतरला होता, आणि पेटी नसली तरी तो पेटी असल्यासारखाच चालायचा. बाई त्याला भाऊ म्हणायच्या, म्हणून त्याची बायको वहिनी. वहिनी बाईंच्याच दुकानात काज-बटण आणि तुरपाई करायची. दोघी वर्षानुवर्षं एकाच खिडकीच्या उजेडात बसलेल्या. एकमेकींच्या घरातलं मीठ संपलं तरी दुसरीला आधी कळायचं.

वहिनीची एकच हौस राहिली होती. लग्नात फोटोवाला आला नव्हता, आणि पुढे मुलगी झाली, वाढली, लांब सासरी गेली तरी नवरा-बायकोचा धड एक फोटो झाला नव्हता. या रविवारी स्टुडिओत जायचंच, असं तिने ठरवलं. थोरल्या दिरांचा काळा कोट मागून आणला. किल्लीवाला तो घालून दुकानात उभा राहिला, तर कोट डावीकडे घसरला.

"ताई, काहीतरी कर गं," वहिनी म्हणाली. "निदान फोटोत तरी सरळ दिसू देत."

बाईंनी अस्तर उसवलं, डाव्या खांद्यात चांगलं जाड पॅड बसवलं, पुन्हा शिवलं. किल्लीवाला आरशासमोर उभा राहिला आणि मागे वळून म्हणाला, "अहो, या साहेबांना जरा बाजूला व्हायला सांगा, मला आरशात बघायचंय." वहिनी हसून हसून खाली बसली. आणि बाईंनी त्याला तोच सल्ला दिला जो त्या नव्या कोटाच्या प्रत्येक गिऱ्हाइकाला देतात. "दोन-तीन दिवस घालून हिंडा, भाऊ. पॅड अंगावर बसायला वेळ लागतो. एकदम रविवारी घातलात तर फोटोत कोट वेगळा आणि माणूस वेगळा दिसेल."

त्याने ऐकलं. गरीब माणूस, सांगितलेलं ऐकायचा.

त्या महिन्यात आसपास चोऱ्या झाल्या होत्या. पोलीस साहेबांनी गल्लीची बैठक घेऊन बजावलं होतं, "डोळ्यांत तेल घालून बघा. अनोळखी माणूस दिसला की फोन करा, शहाणपणा करू नका." आणि समोरच्या आजींची किल्ली हरवली. किल्ल्या हरवणं आजींच्या पाचवीलाच पुजलेलं. रस्त्यात किल्लीवाला दिसला, त्याला सांगून त्या शेजारी पाणी प्यायला टेकल्या. त्यांचं कुलूप त्याच्या ओळखीचं होतं, पेटी कशाला लागतेय? खिशात तार होतीच.

दिवे लागायच्या आधीची वेळ. बाईंनी खिडकीतून पाहिलं, तर आजींच्या दाराशी काळ्या कोटातली पाठ. पेटी नाही. दोन्ही खांदे एका रेषेत. माणूस दाराला कान लावून कुलपाशी खुडबुड करतोय. बाईंनी गल्लीतल्या सगळ्या पाठी मनात फिरवून पाहिल्या, त्यांत ही नव्हती. मनात शंका असती तर त्यांनी खिडकीतून हाक मारली असती. शंकाच नव्हती, म्हणून फोन केला.

एरवी बोलावून न येणारी गाडी त्या दिवशी लगेच आली. पोरगेलासा शिपाई उतरला आणि ओरडला. किल्लीवाल्याचा कान कुलपात होता, आतला खटका कधी पडतो तिकडे. शिपाई दुसऱ्यांदा ओरडला तेव्हा तो दचकून वळला, हातात तार. शिपायाने गोळी झाडली. तो पडला आणि त्याचं तोंड वर खिडकीकडे झालं, तेव्हा बाईंनी त्याला ओळखलं.

पुढचं सगळं जसं होतं तसं झालं. मेणबत्त्या आल्या, फलक आले, कॅमेरे आले. लांबलांबचे लोक येऊन आजींच्या दारासमोर घसा बसेपर्यंत ओरडून गेले, आणि गल्लीही त्यांच्याबरोबर ओरडली. पोलीस ठाण्यावर मोर्चा गेला. शिपायाला टेबलाच्या कामावर बसवलं आणि चौकशी चालू झाली. चालू म्हणजे चालूच, ती कुठे पोचेना. मग कॅमेरे दुसऱ्या कुठल्या गल्लीत गेले, आणि इथे उरली ती फक्त दमलेली माणसं. कुणाला झोप लागेना. शटर जोरात पडलं तरी बायका पोरांना पोटाशी ओढायच्या. पोलिसांची गाडी नुसती कोपऱ्यावरून गेली तरी बोलणी थांबायची. आजींनी दाराला कुलूप लावणंच सोडलं. "काय न्यायचं ते न्या म्हणावं," त्या म्हणायच्या आणि उघड्या दारात खुर्ची टाकून बसायच्या. आणि कुलपं मेली बिघडायची थांबत नव्हती. कुणाची कडी बसली की माणूस सवयीने हाक मारायला तोंड उघडायचा आणि मिटायचा.

थोड्या दिवसांनी वहिनी कामावर आली. स्टुलावर बसली, शर्ट ओढला, काज करायला घेतलं. हात चालला की तिला बरं वाटायचं. मधेच हात थांबवून ती एकच गोष्ट बोलायची, रोज तीच.

"दोन दिवस तरी सरळ खांद्याने हिंडला गं. लोक वळून बघायचे. साहेबासारखा दिसायचा. फोटो नाही झाला, पण माझी तेवढी हौस देवाने पुरी केली."

बाई मशीनचं चाक उगाच फिरवत बसायच्या. रोज घरून निघताना त्या ठरवायच्या, आज सांगायचं. आणि रोज वहिनीचं हे वाक्य ऐकलं की जीभ टाळूला चिकटायची. फोन मी केला, हे सांगता आलं असतं. पण का केला, हे कसं सांगणार? ज्या पॅडवर ही बाई जीव धरून बसली आहे, त्याच पॅडने त्याची ओळख पुसली, हे तिला सांगणाऱ्याच्या जिभेला काय म्हणावं?

पोलिसांनी सांगितलं होतं की फोन ‘गल्लीतल्याच एका जागरूक रहिवाशाने’ केला. नाव सांगितलं नाही. गल्लीने ते शोधून काढलं आणि अर्थातच चुकीचं काढलं. अर्जकाका! दुसरं कोण? गटार तुंबलं, दिवा गेला, झाडाची फांदी वायरला लागली, की अर्जकाकांचा अर्ज गेलाच. एकटा जीव सदाशिव, निवृत्तीनंतर दुसरा धंदा नाही. त्यांच्या दारावर कुणीतरी डांबराने ‘जागरूक’ असं लिहिलं. त्यांचा पेपर रोज गटारात सापडायला लागला. दुकानदार त्यांना पाहून पाठ फिरवायचा. किल्लीवाल्याच्या दारी ते भेटायला गेले तेव्हा दिरांनी त्यांना पायरीवरूनच परत पाठवलं.

"अरे, मी फोन करतो का कधी?" काका चौकात उभे राहून सांगायचे. "मी अर्ज करतो! तीन प्रतींत! पोच घेऊन!" कुणी हसलं नाही. एरवी हसले असते.

चोर सोडून संन्याशाला सुळी, म्हणतात ना, ते बाई खिडकीतून रोज पाहत होत्या. काकांची पाठही त्यांना कळत होती. ताठ माणूस, पण मानेखाली पोक यायला लागलं होतं.

एका दुपारी काका जिना चढून वर आले. हातात पँट. ते दारातच उभे राहिले, कारण वहिनी आत बसली होती.

"बाई, कमरेत आत घ्यायची होती," ते खाली बघत म्हणाले. "सैल होतेय. भाचीकडे जातोय कायमचा, तिथे बरं दिसलं पाहिजे."

बाईंनी गळ्यातली टेप काढली आणि त्यांच्या कमरेला लावली. माणूस अर्धा झाला होता.

वहिनी उठली. हातातला शर्ट तिने टेबलावर टाकला.

"ताई, या माणसाचं काम तू घेणार असशील तर मी चालले. पुन्हा या जिन्याला पाय लावणार नाही."

"वहिनी, ऐक—"

"काय ऐकू? याने फोन फिरवला आणि माझं घर बसलं. याची पँट शिवणार तू?"

काका पँटेची घडी घालायला लागले. एवढा बोलणारा माणूस, पण त्यांना आता थकवा आला होता. घडी नीट येईना, तर तशीच काखेत धरून वळले. ती पाठ दाराकडे जाताना बाईंनी पाहिली, आणि त्यांना वाटलं, आता पुरे.

"फोन त्यांनी नाही केला," बाई म्हणाल्या. "मी केला."

मशीन बंद होतं. खाली कुणीतरी बादली सरकवली, तेवढाच आवाज.

वहिनीला आधी समजलंच नाही. मग तिने भिंतीला हात टेकला. "तू?"

"मी. याच खिडकीतून. चोर वाटला."

"चोर," वहिनी म्हणाली. "तू छत्रीआडून माणूस काढतेस. अख्खी गल्ली तू पाठीवरून ओळखतेस. आणि त्याला नाही ओळखलंस? रोज या दारात यायचा तो मला न्यायला. कसा नाही ओळखलास? सांग ना! कसा?"

ओठांवर आलं होतं. खांदा, एवढा एकच शब्द. तो बोलला असता तर बाईंचं अर्धं ओझं उतरलं असतं. लोकही म्हणाले असते, बरोबर आहे बाई, तुमचा काय दोष. आणि ते अर्धं ओझं समोर उभ्या असलेल्या या बाईच्या डोक्यावर जन्मभरासाठी गेलं असतं.

"डोळे गेलेत माझे," बाई म्हणाल्या. "बरेच दिवस झाले. लाजेने कुणाला बोलले नाही. टेलरचे डोळे गेले म्हटल्यावर कोण कपडे टाकणार? सगळं अंदाजाने चाललं होतं. त्या दिवशी पाठ दिसली, ती नुसती काळी दिसली."

वहिनीने त्यांच्याकडे बराच वेळ पाहिलं. मग पिशवी उचलली आणि गेली. जिन्यात तिचा पाय कुठेतरी अडखळला, आणि मग तिच्या रडण्याचा आवाज आला. इतक्या दिवसांत ती असं रडली नव्हती.

काका अजून दारातच होते. ते परत आले, पँट टेबलावर ठेवली.

"बाई, तुम्ही फोन केलात," ते म्हणाले. "बंदूक त्यांनी चालवली. यांत फरक आहे. तो तुम्ही विसरू नका आणि मी त्यांना विसरू देणार नाही. सातवा अर्ज गेलाय माझा."

"काका, तुम्ही भाचीकडे जाताय ना?"

"आता नाही जात. पोच यायचीय." मग थोडं घुटमळून म्हणाले, "डोळ्यांचं मात्र बघा लवकर."

गल्लीला बातमी पोचायला संध्याकाळ पुरली. काकांच्या दारावरचं डांबर कुणीतरी गुपचूप खरवडून काढलं. माफी मागायला मात्र कुणी गेलं नाही, ती आपल्याकडे डांबरापेक्षा घट्ट बसते. बाईंच्या दारावर कुणी काही लिहिलं नाही. लोक नुसते येऊन आपापली कापडं घेऊन गेले. "घाई नव्हतीच, बाई," असं म्हणायचे आणि नजर चुकवायचे. काही जण रागाने आले, काही जण कीव करत आले, आणि कीव करणारे जास्त वेळ उभे राहिले. शिंपिणीचे डोळे गेले आणि चांगला माणूस गेला, एवढ्यात गल्लीने गोष्ट मिटवली. सोपं होतं. दमलेल्या माणसांना सोपं लागतं.

खोटं बोललं की ते पोसावं लागतं. बाई चष्मेवाल्याकडे गेल्या. त्याने अक्षरांचा तक्ता वाचून घेतला, पुन्हा वाचून घेतला, आणि म्हणाला, "बाई, तुम्हाला चष्मा? तुमच्या डोळ्यांनी मलाच दोन ओळी वाचून दाखवा."

"साध्या काचेचा दे."

"साधी काच कशाला?"

"धूळ जाते डोळ्यांत," बाई म्हणाल्या.

दुकानात आता मशीन कमी आणि घड्याळ जास्त ऐकू यायचं. काकांची पँट तेवढी पडली होती. ती बाई मुद्दाम पुरवून पुरवून करत होत्या.

आणि एक दिवस, दिवे लागायच्या आधी, जिन्यावर पावलं वाजली. वहिनी. आत आली, आपल्या स्टुलावर बसली. वाळली होती. समोर आजी उघड्या दारात बसल्या होत्या.

"काकांची पँट?" वहिनीने विचारलं.

"तुरपाई राहिलीय."

वहिनीने डबा ओढला, त्यातून सगळ्यांत बारीक सुई निवडली, काळा दोरा तोडला आणि सुई-दोरा बाईंसमोर धरला. "ओवून दे."

या दुकानात वहिनीने कधी सुई ओवून मागितली नव्हती. आणि बाईंचा हात तिला पाठ होता. खिडकीबाहेर बघत, बोलत बोलत, एका फटक्यात दोरा घालणारा हात. वहिनी घरी बसून विचार करत होती, हे उघड होतं. तिने सगळं उलटसुलट करून पाहिलं असणार, आणि कुठेतरी तो कोटही तिच्या हाताला लागला असणार.

बाईंनी चष्मा नीट केला. दोऱ्याचं टोक ओठांनी ओलं केलं. सुईचं नेढं स्वच्छ दिसत होतं. त्यांनी दोरा नेला आणि बाजूने जाऊ दिला.

पुन्हा नेला. पुन्हा बाजूने.

तिसऱ्यांदा हाताने ऐकलं नाही. जन्माची सवय, दोरा सरळ नेढ्याकडे निघाला, आणि बाईंना बोट वाकवून तो अडवावा लागला. सुई बोटात घुसली. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं, ते सुईचं नव्हतं. वहिनी सुईकडे बघतच नव्हती, ती बाईंच्या तोंडाकडे बघत होती.

"दे इकडे," ती शेवटी म्हणाली.

तिने सुई घेतली, ओवली, गाठ मारली, आणि पँटेचा पाय मांडीवर ओढून तुरपाई सुरू केली. चार टाके झाल्यावर मान वर न करता तिने विचारलं, "आरशासमोर उभा होता तेव्हा... साहेबासारखा दिसत होता ना गं?"

"अगदी साहेबासारखा," बाई म्हणाल्या.

"हं," वहिनी म्हणाली, आणि पुढचा टाका घातला.

तिला काय कळलं आणि काय नाही, हे बाईंनी कधी विचारलं नाही. तेव्हापासून दुकानातल्या सगळ्या सुया वहिनीच ओवते. सकाळी आली की आधी बाईंच्या सुया ओवून रांगेने टोचून ठेवते, मग आपलं काम घेते. बाई चष्मा लावून मशीनवर बसतात. खिडकीखालून माणसं जातात, येतात. कुणी सवयीने विचारलंच, "बाई, आत्ता कोण गेलं हो?" तर त्या पायडल थांबवून म्हणतात, "कोण जाणे. मला कुठे दिसतंय."